घाईराजा आणि कोब्याचं गाणं

हं, सरका इकडे. निमे, तू भिंतीकडे. दादू, तुझे पाय आधी पांघरुणात घे, मग मी तोंड उघडते. आणि मध्ये मध्ये "पुढे काय झालं, पुढे काय झालं" करायचं नाही. जो करेल त्याच्या वाट्याची गोष्ट मी मनातल्या मनात सांगून टाकीन.

तर एकदा काय झालं, एक होता राजा. नाव त्याचं भारदस्त होतं, भुजंगदेव की काय, पण ते कुणी घेत नसे. सगळे त्याला म्हणायचे घाईराजा. भात शिजायच्या आधी पाटावर बसायचा, कच्चा भात खायचा आणि मग पोट धरून हिंडायचा. न्हाव्यासमोर एका जागी बसणं त्याला जमायचं नाही. म्हणून राजा चालायचा पुढे आणि न्हावी वस्तरा घेऊन त्याच्या बाजूने धावायचा. गालावर रोज दोन तरी चिरा. दरबारात कुणी गाऱ्हाणं सांगायला लागलं की दुसऱ्या वाक्याला निकाल. तिसऱ्या वाक्यात कळायचं की चोर भलताच होता. मग त्याला सोडायचं, ह्याला धरायचं, सगळा गोंधळ.

वाईट नव्हता हो तो. जीव लावणारा होता. पण थांबणं म्हणून काही अंगातच नव्हतं त्याच्या. आपल्या दादूसारखं. हो, तुलाच म्हणतेय, पाय आत घे.

त्याची राणी सगुणा. ती अगदी उलट, शांत बाई. आणि त्यांना एक मुलगी होती, जाई. दहा महिन्यांची. खाली दोन दात आलेले, रांगायची, काही दिसलं की तोंडात घालायची. राजाचा तिच्यावर इतका जीव की तिला पाहिलं की त्याचे पाय दोन घटका तरी एका जागी राहायचे. बाकी कशापुढेच राहत नसत.

मग काय झालं, राजाने नवा दरबार बांधायला काढला. भिंती झाल्या, छप्पर झालं, राहिली जमीन. तेव्हा तुमच्यासारख्या फरश्या नव्हत्या, बरं का. तेव्हा कोबा घालायचे. चुना, विटांचा चुरा, बारीक खडी, त्यात गुळाचं पाणी, असं सगळं कालवून पसरायचं. मग बायकांनी ओळीने बसून लाकडी चोपण्यांनी ते चोपायचं. चोप चोप चोपायचं, दहा दहा दिवस. वर महिनाभर पाणी मारायचं. तेव्हा कुठे अशी जमीन व्हायची की वर तोंड दिसावं.

राजाला महिना कुठला धीर? तो ओल्या चुन्याभोवती येरझारा घालायला लागला. शेवटी प्रधान म्हणाला, महाराज, चुनेवाडीच्या सातजणींना बोलवावं. त्या गाऊन कोबा घालतात. त्यांच्या गाण्याने वेळ पळते.

आल्या सातजणी. सहाजणी आल्या पुढे झपझप, आणि सातवी, भागूआजी, आली अर्ध्या दिवसाने. तिला गाडीत बसलं की गरगरायचं, म्हणून ती कुठेही गेली तरी पायीच जायची. मग त्यांनी काय केलं, गेरूत बुडवलेली एक सुतळी ओल्या चुन्याभोवती लावली. सहाजणी सुतळीच्या बाहेर बसल्या आणि हात लांब करून आत चोपायला लागल्या. पुढारीण होती ठमाबाई. तिने गाणं उचललं.

"चुना बसू दे, दिस सरू दे, बाई गं, दिस सरू दे."

तिचा श्वास संपायच्या आत दुसरीने गाणं धरलं. दुसरीचा संपायच्या आत तिसरीने. असं सहावीपर्यंत गेलं आणि पुन्हा ठमाबाईकडे आलं. त्या गाण्याला शेवटच नव्हता. सहाहीजणींचे डोळे मिटलेले. आणि सुतळीच्या आत वेळ अशी पळायला लागली की चुना वाळताना डोळ्यांनी दिसत होता. बाहेर सगळं जसंच्या तसं, आत महिने चाललेले.

आता गंमत ऐका. त्या बायकांची तोंडं होती पंचविशी-तिशीची, पण हात कोपरापर्यंत ऐंशी वर्षांचे. सुरकुतलेले, डाग पडलेले. का? निमे, सांग बघू. बरोबर. कारण हात आत जायचे ना.

आणि भागूआजी काय करत होती? काही नाही. ती गात नव्हती, चोपत नव्हती. भिंतीशी नुसती बसून होती. तेवढ्यात एक चिमणी भुर्रकन आली आणि सुतळीच्या आत उतरली. उतरली ती अडकली. आत जाता यायचं, बाहेर येता यायचं नाही. तोंडात गाणं असेल त्याचाच हात काय तो आतबाहेर. चिमणी बिचारी हवेवर धडका देत होती. शेवटी भागूआजी म्हणाली, "पुरे." की लगेच सहाजणी गप्प झाल्या. वेळ जागेवर आली. चिमणी उडाली, पण म्हातारी होऊन उडाली, पिसं झडलेली.

कोबा मात्र झाला होता. राजाने त्यात तोंड पाहिलं आणि इतका खूश झाला की ठमाबाईला विचारून विचारून भंडावलं. ठमाबाईने सगळं सांगितलं. म्हणाली, गाताना आम्हाला कसलंही भान नसतं. ढोल वाजवा नाहीतर तोफ डागा, ऐकू यायचं नाही. फक्त भागूआजीचा आवाज तेवढा आत पोचतो, लहानपणापासूनची सवय आहे कानांना. आणि गाणं हाताने कधी मोडायचं नाही. मोडलं तर वेळ उधळते, दावं तुटलेल्या बैलासारखी.

राजाने ऐकलं, पण त्याचं अर्धं लक्ष पुढच्या कामाकडे.

पुढचं काम कोणतं? आंबा. राजाने अंगणात कोय पुरली आणि दुसऱ्याच दिवशी चुनेवाडीला गाडी पाठवली. पुन्हा सहाजणी पुढे, भागूआजी मागून पायी. सुतळी लागली, गाणं उचललं, आणि बघता बघता कोंब आला, रोप झालं, झाड झालं, मोहोर आला. राजा नाचायलाच लागला. पण मोहोर आला तसा गळाला. पुन्हा आला, पुन्हा गळाला. एक कैरी धरेल तर शपथ. माळी म्हणाला, महाराज, आत मधमाशी नाही, वारा नाही, नुसती वर्षं जाऊन कैरी कशी धरेल? राजा म्हणाला, असू दे, सावली तरी झाली. आणि निघून गेला. त्यातून जे समजायचं ते काही तो समजला नाही.

आता खरी गोष्ट सुरू होते. जांभया देऊ नका, नाहीतर मलाही येतात.

राजाच्या मनात एक गोष्ट फार दिवस घोळत होती. जाईने आपल्याला "आबा" म्हणावं. रोज सकाळी तो तिच्या पाळण्यापाशी उभा राहायचा आणि म्हणायचा, म्हण, आ-बा. ती त्याचं नाक धरायची. म्हण की, आ-बा. ती त्याच्या मिशा ओढायची. राणी सांगायची, म्हणेल तेव्हा म्हणेल, एवढी काय घाई आहे? पण राजाला झोप लागेना, जेवण जाईना. वाड्यात नुसता फिरायचा. त्याच्या फिरण्याने नोकरचाकरही फिरायला लागले, कुणाला कळेना आपण कशाला फिरतोय.

आणि एक दिवस सकाळी राणी देवळात गेली, तशी राजाने चुनेवाडीला गाडी पाठवली. म्हणाला, आत्ता या, अश्शा या. सहाजणी हातातलं टाकून गाडीत बसल्या. भागूआजी भाकरी बांधत होती. म्हणाली, तुम्ही व्हा पुढे, मी येतेच पायी.

नव्या दरबारात राजाने स्वतः चटई अंथरली. तीवर जाईला बसवलं. भोवती चार हात लांब, चार हात रुंद सुतळी लावली. आणि म्हणाला, हं, उचला गाणं.

ठमाबाई म्हणाली, "महाराज, भागूआजी यायची आहे."

"तिचं काय अडलंय? ती तर गातही नाही. तिच्यावाचून काय होतं?"

ठमाबाईने मान हलवली. पण राजा पुढ्यात पाय आपटत उभा, सैनिक उभे, बाकीच्या पाचजणी तिच्याकडे बघतायत. आणि खरं सांगू का, तिलाही मनातून थोडं वाटलंच, की इतकी वर्षं गातेय मी, मला कळणार नाही का काम कधी झालं ते? चुना ओला असला की चोपणी बदबद वाजते. चुना बसला की टणटण वाजते. आवाज बदलला की थांबायचं, भान नसलं तरी हाताला कळेल. असं तिने मनाशी धरलं आणि गाणं उचललं.

पण पोरांनो, आता चोपणी कशावर पडणार होती? ओला चुना कुठे होता तिथे? दरबाराची जमीन तर केव्हाच झालेली. चटईच्या कडेकडेने सहा चोपण्या पडल्या, पहिल्याच ठोक्याला टणटण. दुसऱ्याला टणटण. शंभराव्यालाही टणटणच. हाताला कळायचं काय?

गाणं एकदा सहाजणींतून फिरून आलं की आत एक वर्ष जायचं. पहिल्या फेऱ्याला जाई उभी राहिली, डुगडुगली, चालली. राजाने टाळ्या पिटल्या. दुसऱ्या फेऱ्याला बाकीचे दात आले, केस मानेवर आले, झबलं आखूड झालं. राजा सुतळीपाशी गुडघ्यांवर बसून ओरडत होता, म्हण, आबा. पण बाहेरचं बोलणं आत पोचायचं ते नुसतं लांबच लांब घूं होऊन. तिने तोंड उघडलं आणि मिटलं. राजा म्हणाला, आणखी थोडं. तिसरा फेरा झाला. पोर चटईवर गोल गोल फिरायला लागली, कडेला येऊन बाहेर बघायला लागली. बोलली नाही. राजा म्हणाला, आणखी थोडंच, आता म्हणेल. चौथा फेरा झाला.

तेवढ्यात राणी देवळातून परत आली. दारातून तिने पाहिलं. गाणं ऐकलं, सुतळी पाहिली, चटईवरची ती जवळजवळ पाच वर्षांची मुकी पोर पाहिली, आणि तिच्या हातातलं तबक खाली पडलं. क्षणभर तिला ओळखूच येईना. मग ओळखलं.

"अहो, तिच्याशी आत कुणी बोललंच नाही," राणी म्हणाली. "ती काय बोलणार?"

तेव्हा कुठे राजाच्या डोक्यात उजेड पडला. तो म्हणाला, "पुरे." कुणी ऐकलं नाही. तो ओरडला, पुरे. सहाजणी डोळे मिटून गातायत. त्याने ठमाबाईच्या कानाशी तोंड नेऊन सांगितलं, पुरे, पुरे. ती आपली टणटण, टणटण. आजवर त्याने सगळ्यांना "लवकर" म्हटलं होतं आणि सगळ्यांनी ऐकलं होतं. आता "थांबा" म्हणत होता तर कुणाला ऐकू जात नव्हतं.

आणि मग, घाईच ती, त्याने करू नये ते केलं. सैनिकाला म्हणाला, ओढ त्या बाईचा हात. सैनिकाने ठमाबाईची चोपणी धरून हिसका दिला. गाणं मध्येच तुटलं आणि वेळ उधळली. ठमाबाईच्या तोंडचं बाकीच्या पाचजणींनी झडप घालून धरलं, पण आता ते गाणं राहिलंच नव्हतं, नुसतं धावणं होतं. आतलं वर्ष आता पापणी लवेपर्यंत जायला लागलं. एक पापणी लवली, जाई सहा वर्षांची झाली.

निमे, माझा हात इतका घट्ट धरू नकोस, बांगडी रुततेय. ऐक.

राजा आणि राणी दोघंही धावले. दोघांच्याही मनात एकच, की पोर आत एकटी आहे. पण राजा जन्माचा घाईवाला. ह्या एका वेळेला त्याची घाई कामाला आली. तो उडी मारून सुतळीच्या आत गेला. राणी त्याच्या मागे एकाच पावलावर. तिने हात पुढे केला, पाय उचलला. आणि त्याच वेळी दरबाराच्या दारात चुनेवाडीहून पायी आलेली भागूआजी उभी राहिली. धापा टाकतेय, एक हात कमरेवर, बगलेत भाकरीचं गाठोडं. तिने एका नजरेत सगळं पाहिलं आणि तोंड उघडलं, "पुरे" म्हणायला.

"पु" निघाला. "रे" निघायचा होता.

आता बाहेर त्याला किती वेळ लागतो? तुम्ही म्हणून बघा. पुरे. झालं. पण आत, उधळलेल्या वेळेत, त्या "पु"पासून "रे"पर्यंत सहा वर्षं गेली.

हो, सहा. राजा आत पोचला आणि मागे वळून बघतो तर सगळं थांबलेलं. सैनिक चोपणी धरून वाकलेला. खिडकीतून आत यायला निघालेला कावळा हवेत. आणि राणी, हात पुढे केलेला, डावा पाय उचललेला, तश्शी. कानात नुसता तो "पु", आभाळातून घुमावा तसा, लांबच लांब चाललेला. उन्हाचा पट्टा जमिनीवर होता तिथेच. ना संध्याकाळ, ना सकाळ.

काय खाल्लं म्हणतोस? आत गेलेल्याला भूक लागत नाही. कोब्याला लागते का भूक? मग. बडबड करू नकोस.

पहिल्यांदा राजाने त्या चिमणीने केलं तेच केलं. धडका दिल्या. जाईला उचलून बाहेर ढकलायला गेला, जमेना. मग चालायला लागला. चार हात इकडे, चार हात तिकडे, की वळायचं. पुन्हा चार हात. असा तो एक वर्षभर चालला असेल. पोर कोपऱ्यात बसून त्याच्याकडे भीतीने बघायची. इतक्या वर्षांत तिने माणूस जवळून कुठे पाहिला होता? राजाला वाटे आत्ता येईल "रे", आत्ता येईल. येत नव्हता. आणि एके वेळी चालता चालता तो खाली बसला. दमून नव्हे. कुठेच जायचं नाही हे त्याला पटलं म्हणून बसला.

तो बसल्यावर बऱ्याच वेळाने जाई पुढे सरकली आणि तिने त्याच्या दाढीला हात लावला. तिचं झबलं केव्हाच फाटलं होतं. राजाने आपला शेला काढून तिला गुंडाळला. आणि मग तो तिच्याशी बोलायला लागला.

दाखवायला होतं काय तिथे? चटई होती, ऊन होतं, आणि बाहेर थांबलेली माणसं होती. तो म्हणायचा, हा कावळा. हा सैनिक, ह्याच्या मिशा बघ. ही भागूआजी, हिच्या गाठोड्यात भाकरी आहे. आणि ती तुझी आई. रोज तेच. रोज म्हणजे काय, दिवस तर नव्हताच, पण एकदा सगळं सांगून झालं की तो पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचा. पोर तोंडाकडे बघायची. राजाने घाई केली नाही. म्हणजे केली, पहिले काही महिने केली, सवय जाते का लगेच? पण घाई करून तिथे काही व्हायचंच नाही. ती आपल्या वेळेनेच शिकणार होती.

आणि मग एकदा ती बोलली. काय बोलली असेल? आबा? छे. तिने राणीकडे बोट दाखवलं. चटईवर बसल्या जागेवरून तिच्या डोळ्यांसमोर काय येत होतं, तर राणीचा तो उचललेला पाय. ती म्हणाली, "पाय."

राजाने पोरीला कुशीत घेतलं आणि ढसाढसा रडला. राजे लोकही रडतात, बरं का.

मग ती बोलायलाच लागली. एवढं बोलायची की राजा म्हणायचा, अगं, श्वास घे. त्याने तिला सगळं सांगितलं, नदी म्हणजे काय, पाऊस म्हणजे काय, भूक म्हणजे काय. गोष्टी सांगितल्या, संपल्या तेव्हा नव्या रचून सांगितल्या. ह्या सगळ्यात ती त्याला आबा म्हणायला कधी लागली, पहिल्यांदा कधी म्हणाली, ते राजाच्या लक्षातही राहिलं नाही. ज्याच्यासाठी एवढं सगळं झालं, तेच त्याला आठवेना.

जाई विचारायची, आई अशी का उभी आहे? राजा म्हणायचा, आपल्याकडे यायला निघाली आहे.

"कधी पोचेल?"

"येईल. वाट बघू," राजा म्हणायचा.

घाईराजा म्हणायचा, बरं का. आणि शेवटी शेवटी तर त्याला अधूनमधून भीती वाटायची, की आता "रे" येईल आणि हे सगळं संपेल. बाहेर गेलो की मी पुन्हा धावायला लागेन, असं वाटायचं त्याला. जाई अकरा वर्षांची झाली, बारा वर्षांची झाली. राजाची दाढी पोटापर्यंत आली, तीत पांढरे केस आले. आणि एकदा तो तिच्या वेणीचे पेड घालत बसला असताना कानातला तो घुमणारा आवाज बदलला. राजाने वेणी तशीच सोडली आणि पोरीचा हात धरला.

"रे," म्हणाली भागूआजी.

गाणं थांबलं. सहाजणींनी डोळे उघडले. कावळा खिडकीतून आत येऊन कठड्यावर बसला. ठमाबाईने समोर बघितलं आणि चोपणी टाकून तोंडावर पदर घेतला. त्या दिवसापासून चुनेवाडीच्या बायकांनी भागूआजी येऊन बसल्याशिवाय गाणं उचललं नाही, मग ती कितीही उशिरा येवो.

आणि राणीचा पाय जमिनीला टेकला.

तिच्यासाठी एक पाऊल झालं होतं, फक्त एक. समोर पोटापर्यंत दाढी आलेला नवरा, आणि त्याच्या हाताला धरून एक उंच पोर, शेला गुंडाळलेली, अर्धी वेणी सुटलेली. राणी सकाळी पाळण्यातल्या बाळाला पाजून देवळात गेली होती. तिच्या अंगावर अजून दूध होतं, आणि पिणारं बाळ कुठेच नव्हतं. ती त्या मुलीच्या तोंडाकडे बघत राहिली, दोन दातांचं काही सापडतंय का ते शोधत. ह्या जागी मला दरवेळी भरून येतं. तुमची आई तान्ही होती तेव्हा रात्रंदिवस रडायची, आणि मी देवाला म्हणायचे, हिला एकदाची मोठी कर रे बाबा. केली त्याने मोठी. मला कळलंसुद्धा नाही कधी केली.

राजा राणीसमोर मान खाली घालून उभा राहिला. सहा वर्षं त्याच्याकडे होती, हिच्याकडे एकही नव्हतं. राणीने त्याच्याकडे पाहिलंही नाही. पुढे कितीतरी महिने ती त्याच्याशी धड बोलली नाही, आणि त्यानेही घाई केली नाही. पण ते पुढचं.

त्या घटकेला कुणाला कळेना आता कोण काय म्हणेल. तर जाईने राजाचा हात सोडला. ती सुतळी ओलांडून सरळ राणीपाशी गेली आणि तिच्या पायाशी बसली. तिने राणीचा डावा पाय दोन्ही हातांत धरला.

"आई, इतकी वर्षं एका पायावर उभी होतीस," ती म्हणाली. "दुखत असेल ना गं?"

राणीचा पाय काही दुखत नव्हता. दुखायला वेळच कुठे झाला होता? सगळ्यांना ते माहीत होतं. पण राणी हळूच खाली बसली, त्या नव्या गुळगुळीत कोब्यावर, आणि तिने पाय पुढे केला.

"हो गं बाई," राणी म्हणाली. "फार दुखतोय. जरा चेपून दे."

आणि जाई चेपायला लागली, आणि चेपता चेपता एकेक सांगायला लागली, आणि राणी ऐकत राहिली. संध्याकाळ झाली, दिवे लागले, तरी दोघी तिथेच. मग पुढे ती सगळी माणसं आपापल्या वेळेने जगली, सुखाने जगली. त्यांच्या घरी सुख झालं, आपल्या घरी झोप होऊ दे. आता डोळे मिटा. निमे, तू पण. दादूचे पाय बघ, केव्हाचे गप्प झालेत.